‘प्रत्यक्ष ताबा’ या शब्दांचे काय झाले? : भूमिसंपादन अधिनियमाच्या कलम २४(२) वरील निर्णयाची चिकित्सा

घटनेच्या ४४ व्या दुरुस्तीने मालमत्तेचा हक्क मूलभूत हक्कांच्या मालिकेतून वगळला गेला. १९७९ पासून भूधारकास उरले ते अनुच्छेद ३००-क चे आश्वासन : कायद्याच्या आधाराखेरीज मालमत्ता हिरावून घेतली जाणार नाही. संरक्षण असे कायद्याच्या आधारावर सोपविले गेले म्हणजे त्या कायद्यातील एकेका शब्दास किती मोल येते, याचे उत्तम उदाहरण २०१३ च्या भूमिसंपादन अधिनियमाचे कलम २४(२) हे होय.

हा अधिनियम १ जानेवारी २०१४ रोजी अंमलात आला. १८९४ च्या जुन्या कायद्याखालील निवाडा त्यापूर्वी पाच किंवा अधिक वर्षे झालेला असून जमिनीचा प्रत्यक्ष ताबा घेतला गेलेला नाही अथवा भरपाई दिली गेलेली नाही, तर संपादनाची कार्यवाही व्यपगत झाली असे मानावे, असा या कलमाचा आशय आहे. कार्यवाही व्यपगत झाली म्हणजे शासनास जमीन हवी असल्यास नव्याने आरंभ करावा लागतो. जुन्या कायद्यात सांत्वन-रक्कम शेकडा ३० होती, ती नव्यात शेकडा १०० आहे. शिवाय ग्रामीण भागात बाजारभावास दोनपर्यंतचा गुणक लागू होऊ शकतो. भूधारकाच्या दृष्टीने फरक लहान नव्हे.

२०१४ च्या जानेवारीत पुणे महानगरपालिकेच्या खटल्यात सर्वोच्च न्यायालयाने हे कलम भूधारकास अनुकूल असे वाचले. वनोद्यानासाठी घेतलेल्या सुमारे ४४ एकर जमिनीचा निवाडा २००८ चा होता, आणि भरपाईची रक्कम शासकीय कोषागारात भरली होती. कोषागारात भरणे म्हणजे देणे नव्हे. भूधारकाने रक्कम न स्वीकारल्यास ती कलम ३१ प्रमाणे न्यायालयातच जमा केली पाहिजे, असे ठरले. ६ मार्च २०२० रोजी इंदूर विकास प्राधिकरणाच्या खटल्यात पाच न्यायमूर्तींच्या घटनापीठाने हा निर्णय मोडीत काढला. ‘अथवा’ हा शब्द ‘आणि’ या अर्थी घ्यावा, म्हणजे ताबा व भरपाई या दोहोंचाही अभाव असेल तरच कार्यवाही व्यपगत होईल, असे पीठाने सांगितले.

या निर्णयावरील बहुतेक टीका ‘अथवा’पाशीच थांबते. ती निराधार नाही. “तो चहा अथवा कॉफी घेत नाही” या वाक्यात एकच नकार दोहोंस व्यापतो, आणि तेथे ‘अथवा’चा अर्थ ‘आणि’सारखा होतो खरा. परंतु प्रस्तुत कलमात नकार दोन आहेत, दोन स्वतंत्र वाक्यांशांत. “भांडी घासली नाहीत अथवा केर काढला नाही, तर मजुरी कापू” असे म्हटल्यास एक काम चुकले तरी मजुरी कापली जाईल, हे कोणत्याही मोलकरणीस समजते. तथापि न्यायालयापुढील अडचणही खरी होती. स्वतःच भरपाई नाकारणाऱ्या आणि वर्षानुवर्षे दावे लांबविणाऱ्या व्यक्तीस, ज्या जमिनीवर रस्ता होऊन गेला ती परत द्यावी काय? ‘आणि’ हे वाचन यास्तव सर्वस्वी अग्राह्य ठरत नाही.

आमच्या मते अधिक गंभीर गोष्ट दुसरीकडे घडली आहे, आणि तिच्याकडे पुरेसे लक्ष गेलेले नाही. ‘आणि’ वाचल्यावर ताब्याचा प्रश्न निर्णायक होतो. कारण ताबा घेतला असे एकदा ठरले की भरपाई न दिल्यानेही कार्यवाही व्यपगत होत नाही. आणि ताबा घेण्याची रीत कोणती? पंचनामा करणे पुरेसे आहे, असे हाच निर्णय सांगतो. वस्तुतः १८९४ च्या कायद्यात नुसता ‘ताबा’ हा शब्द होता. तरीही १९७५ साली न्या. भगवती यांनी महाराष्ट्रातील एका खटल्यात म्हटले होते की, केवळ कागदावरचा ताबा पुरेसा नाही. तो जागेवर जाऊन घेतला पाहिजे, कसा घ्यावा हे मात्र जमिनीच्या स्वरूपावर अवलंबून राहील. संसदेने २०१३ मध्ये त्या शब्दामागे ‘प्रत्यक्ष’ हे विशेषण जोडले. विशेषण वाढले असता अर्थ आकुंचित व्हावा, अशी अपेक्षा असते. येथे विशेषण वाढले, आणि अर्थ सैल झाला! पडीक, मोकळ्या जमिनीपुरता पंचनामा मान्य करता येईल. उभ्या पिकाच्या अथवा वसलेल्या घराच्या बाबतीत त्यालाच ‘प्रत्यक्ष’ म्हणणे हे त्या विशेषणास निरर्थक ठरविणे होय.

याचा परिणाम सातबाऱ्यावर पाहावा. भोगवटादाराच्या जागी फेरफाराने शासनाचे नाव लागलेले असते आणि पीकपाहणीत जुन्याच मालकाचे ज्वारी-तूर चालू असते, असे उतारे दुर्मीळ नाहीत. दुसऱ्या नोंदीस प्रत्यक्ष ताब्याचा पुरावा म्हणून काही वजन आहे की नाही? निर्णयानुसार जमीन एकदा शासनात निहित झाली की त्यानंतर तेथे राहणारा हा अतिक्रमक होय. मग आपल्याच शेतात पेरणी करणाऱ्या या अतिक्रमकाजवळ काय उरते? भरपाई खरोखर मिळाली नसेल, तर जुन्या कायद्याच्या कलम ३४ प्रमाणे पहिल्या वर्षी शेकडा ९ आणि पुढे शेकडा १५ दराने व्याज ; आणि ते मोजावयाचे त्याच पंचनाम्याच्या तारखेपासून.