करीम यांनी उभे केलेले पूर्वज

खेळाडू मैदान सोडतो तेव्हा तो प्रशिक्षक होतो, समालोचक होतो, नाहीतर आपलीच गाथा लिहून काढतो. बास्केटबॉलपटू करीम अब्दुल जब्बार यांनी माहितीपट काढला, आणि तोही स्वतःवर नव्हे. ‘ऑन द शोल्डर्स ऑफ जायंट्स’ (2011) हे त्याचे नाव. निर्मिती आणि लेखनात सहभाग त्यांचा, दिग्दर्शन डेबोरा मोरालेस यांचे.

ल्यू अल्सिंडर हे जुने नाव टाकून 1971 मध्ये जाहीरपणे मुस्लिम नाव घेणारे करीम 1989 मध्ये निवृत्त झाले. त्यांचा 38,387 गुणांचा विक्रम 2023 पर्यंत टिकला. अशा माणसाला स्वतःचेच पुतळे उभारता आले असते. ते मात्र आपल्या जन्मापूर्वीच्या हार्लेममध्ये शिरले.

तेथे बॉब डग्लस यांनी 1923 मध्ये कृष्णवर्णीय खेळाडूंचा ‘रेनेसाँ’ संघ काढला होता. रात्री जेथे नाच चाले, त्याच फरशीवर सामने होत. दौऱ्यावर गोऱ्यांच्या हॉटेलात खोली मिळत नसे. या संघाने 1932-33 मध्ये सलग 88 सामने जिंकले आणि 1939 मध्ये शिकागोच्या जागतिक व्यावसायिक स्पर्धेत ऑशकॉशला 34-25 असे हरवले. विजेत्यांच्या जाकिटांवर ‘कृष्णवर्णीय जगज्जेते’ असे विणलेले होते. जॉन आयझॅक्स या खेळाडूने पाते घेऊन त्यातला ‘कृष्णवर्णीय’ हा शब्द तेवढा उसवून काढला. आम्हाला सारा वंशद्वेष या एका जाकिटात दिसला.

माहितीपटाविषयी आमची तक्रारही आहे. माया अँजेलो, चार्ल्स बार्कली अशी नामवंत मंडळी इतकी बोलतात की खेळ मागे पडतो. चेंडूचे टप्पे कमी आणि पास झटपट, ही रेनेसाँची खरी करामत. ती समजावून सांगायला करीम यांच्याहून लायक कोण? नेमके तेथेच त्यांनी हात आखडता घेतला आहे.

तीर्थपुरीत बसून हे पाहताना आमचे मन जालन्याच्या आखाड्याकडे गेले. 2002 मध्ये मुन्नालाल शेख आमच्याच जिल्ह्यात, जालन्याला, ‘महाराष्ट्र केसरी’ झाले. त्याआधी 1980 मध्ये इस्माईल शेख, 1992 मध्ये आप्पालाल शेख. सोलापूर जिल्ह्यातल्या बोरामणीच्या एकाच शेख घराण्यात तीन गदा! पुढे 2005 मध्ये सईद चाऊस, 2023 मध्ये सिकंदर शेख. आमच्या तरुणांना यातली शेवटची एक-दोन नावे ठाऊक असतात. बाकीची वर्तमानपत्राच्या यादीत एका ओळीपुरती उरली आहेत. मुसलमानाने या मातीसाठी काय केले, असे विचारणाऱ्यांना तालमीतल्या लाल मातीचाच पुरावा देता आला असता. पण तो जपून कोणी ठेवला?

या पैलवानांवर कोणी माहितीपट काढलाच तर कॅमेऱ्याशेजारी एखादा निवृत्त पैलवान असावा. पट काढताना पंजा कुठे रुततो आणि हरलेल्या रात्री वस्तादासमोर मान कशी खाली जाते, हे त्याला कोणाला विचारावे लागणार नाही.