टेंबे, गोविंदराव

टेंबे, गोविंद सदाशिव : (५ जून १८८१–९ ऑक्टोबर १९५५). महाराष्ट्रातील श्रेष्ठ संवादिनीवादक (पेटीवादक), नाट्यसंगीताचे रचनाकार, गायक-नट, लेखक व मराठी बोलपटाचे आद्य संगीतदिग्दर्शक. जन्म कोल्हापूरजवळील सांगवडे येथे. पेटीवादनाची कला त्यांनी मुख्यतः स्वप्रयत्नाने संपादन केली. कोल्हापूरचा देवल क्लब, भास्करबुवा बखले यांचा सहवास आणि अल्लादियाखाँ यांची गायकी यांमुळे त्यांच्या वादनाला ख्यालसंगीताचे अधिष्ठान लाभले.

पेटीचे स्वर ठरीव असतात. एका स्वरावरून दुसऱ्यावर सलग घसरत जाणारी मींड तिच्यातून काढता येत नाही. याच कारणास्तव आकाशवाणीने १९४० साली या वाद्यावर बंदी घातली व ती १९७१ पर्यंत टिकली. टेंब्यांनी मात्र या वाद्याला केवळ साथीच्या भूमिकेत न ठेवता स्वतंत्र वादनाची प्रतिष्ठा मिळवून दिली. पेटीची ही मर्यादा त्यांच्या रचनाबुद्धीला एका परीने उपकारकच ठरली, असे म्हणता येईल. रेखीव मुखडा, लहान व चपळ स्वरसमूह आणि लगेच ध्यानी राहणारी चाल हे त्यांच्या रचनांचे विशेष पट्टीवर खेळणाऱ्या बोटांशी निगडित आहेत. कृ. प्र. खाडिलकरांच्या मानापमान (१९११) या नाटकासाठी त्यांनी पूरब ढंगाची ठुमरी, गझल इ. प्रकारांतील चाली योजल्या आणि मराठी रंगभूमीच्या संगीताला नवे वळण दिले. १९१३ साली स्थापन झालेल्या गंधर्व नाटक मंडळीचे ते बालगंधर्व व गणपतराव बोडस यांच्यासह एक संस्थापक होते. पुढे त्यांनी शिवराज नाटक मंडळी ही स्वतःची संस्था काढली.

वयाच्या पन्नाशीनंतर ते बोलपटाकडे वळले. कोल्हापूरच्या प्रभात फिल्म कंपनीच्या अयोध्येचा राजा (१९३२) या व्ही. शांताराम-दिग्दर्शित बोलपटाचे संगीत त्यांनी दिले आणि त्यातील हरिश्चंद्राची भूमिकाही केली; तारामती दुर्गा खोटे यांनी रंगविली. अग्निकंकण, माया मच्छिंद्र (दोन्ही १९३२), सिंहगड व सैरंध्री (दोन्ही १९३३) हे त्यांचे प्रभातमधील इतर बोलपट होत.

या कामगिरीचे मूल्यमापन करताना तत्कालीन तंत्र ध्यानात घ्यावे लागते. भारतात पार्श्वगायनाची पद्धत १९३५ च्या सुमारास रूढ होऊ लागली. तत्पूर्वी नटाला छायाचित्रणाच्या वेळीच गावे लागे आणि वादकांना चौकटीबाहेर बसून साथ करावी लागे. त्यामुळे वाद्यमेळ मोजकाच राही. पण खरा प्रश्न रचनेच्या स्वरूपाचा होता. रंगभूमीवरील पद प्रेक्षकांच्या प्रतिसादानुसार फुलत जाते. गायक आलाप-तानांनी ते वाढवितो व ‘वन्स मोअर’ मिळाल्यास पुन्हा गातो. बोलपटातील गीत मात्र एकदा मुद्रित झाले की कायमचे स्थिर होते. ज्या विस्तारासाठी टेंबे मोकळी जागा ठेवीत, तो विस्तारच येथे संकोचला. त्यांच्या चाली तरीही टिकाव धरतात, याचे श्रेय मुखड्याच्या बांधीवपणाला द्यावे लागेल. तथापि ही गीते पुष्कळदा कथानकाला थांबवून येतात. चित्रपटीय दृश्याशी त्यांचा संबंध नाटकातील पदाइतकाच राहतो.

पार्श्वसंगीताच्या बाबतीत ही उणीव अधिक जाणवते. अमेरिकेत माक्स स्टायनर यांनी किंगकाँग (१९३३) या चित्रपटासाठी दृश्यागणिक बेतलेले वाद्यवृंदसंगीत रचले. त्याच वर्षीच्या सिंहगडमध्ये संगीताचा भार मुख्यतः गीतांवर आहे. प्रभातच्या अमृतमंथनपासून (१९३४) केशवराव भोळे यांनी प्रसंगानुरूप वाद्ययोजनेचा विचार पुढे नेला. त्या तुलनेत टेंबे चित्रपटसंगीतकार कमी आणि नाट्यसंगीतकार अधिक वाटतात. परंतु एवढ्यावरून त्यांना संक्रमणकाळातील गौण व्यक्ती ठरविणे अन्यायाचे होईल. मराठी बोलपटाला गाण्याची जी पहिली भाषा मिळाली, ती त्यांनी रागसंगीताच्या आणि रंगभूमीच्या संस्कारांतून घडविली. भोळे यांना जे बदलावयाचे होते, ते आधी टेंब्यांनी उभे केले होते.

माझा संगीत व्यासंग (१९३९) हे त्यांचे पुस्तक, तसेच माझा जीवनविहार हे आत्मचरित्र व अल्लादियाखाँ यांचे चरित्र ही त्यांची ग्रंथरचना कलावंताच्या डोळस रसिकतेची साक्ष देते. मैफल, रंगभूमी आणि बोलपट या तीन माध्यमांत वावरलेल्या एका संगीतकाराचे अनुभव म्हणून मराठी संगीतविषयक लेखनात तिला महत्त्वाचे स्थान आहे.