तयार दगडांचे खेळ

नव्या भारतीय व्हिडिओ गेम्सचे ट्रेलर लागोपाठ बघा, एकच देऊळ पुन्हा पुन्हा दिसेल. ओला दगड, त्यावर शेवाळ, तिरपी सोनेरी किरणं आणि पाठमोरा योद्धा. देव बदलतो, देऊळ तेच. गेम ज्यावर बांधतात त्या अनरियल इंजिन ५ ने ल्युमेन ही प्रकाशयंत्रणा हाती दिली. त्याआधी, २०१९ मध्ये, अनरियल बनवणाऱ्या एपिकने क्विक्सेल ही कंपनी विकत घेऊन स्कॅन केलेल्या खडकांचं कोठार अनरियलवाल्यांना फुकट उघडून दिलं. त्यातले बरेच खडक आइसलँडचे. आपल्या असुरांचा वध तिथल्या कड्यांवर होवो बापडा, पण मग जाहिरातीत मातीचा अभिमान कशाला?

इंजिन मुळात वाईट नाही, हे ‘राजी : ॲन एन्शंट एपिक’ने २०२० मध्येच दाखवलं. पुण्याच्या नॉडिंग हेड्सचा हा गेम अनरियल ४ वर उभा आहे. २०१७ मध्ये मागितलेली लोकवर्गणी जमली नाही, तरी गेम झाला. अनरियलची सारी ऐट जवळून दिसणाऱ्या पृष्ठभागात. या मंडळींनी कॅमेरा थेट लांब नेला. खेळातली मुलगी, राजी, बोटाएवढी होते आणि राजस्थानी महाल सबंध दिसतो, गच्च्या, कमानी, कारंज्यांसकट. रंग पहाडी लघुचित्रांच्या वळणाचे. कथा सावल्यांच्या बाहुल्यांतून सरकते, आणि वर दुर्गा-विष्णू तिच्यावर आपसांत बोलत राहतात. लढाई पुढे तीच ती होते, शेवट तर कापल्यासारखा. पण प्रत्येक चौकट कुणीतरी ठरवलेली आहे.

बाकी गाजलेल्या भारतीय गेम्सपैकी ‘लुडो किंग’ हा उत्तम धंदा. ‘फौ-जी’ या युद्धाच्या गेमबद्दल न बोललेलंच बरं.

सप्टेंबर २०२३ मध्ये युनिटी या दुसऱ्या इंजिनाच्या कंपनीने दर इन्स्टॉलमागे शुल्क जाहीर केलं तेव्हा केवढा गदारोळ झाला! वर्षभरात ते मागेही घ्यावं लागलं. दरम्यान पुष्कळजण गोदोकडे वळले (होय, बेकेटच्याच नाटकावरून नाव घेतलेलं, अर्जेंटिनात जन्मलेलं मुक्त इंजिन). वाद सगळा पैशांचा. याच युनिटीच्या नेहमीच्या मजकूर-यंत्रणेत देवनागरी टाकली की ऱ्हस्व वेलांटी भलत्या जागी बसते आणि जोडाक्षरं फुटतात, यावर कोण रस्त्यावर उतरलं? अनरियल आणि गोदो ४ अक्षरं नीट जुळवतात. आमच्या समीक्षकांना मात्र फ्रेम रेट मोजण्यातून सवड नाही. ज्या गेममध्ये मराठी संवाद धड उमटत नाही, त्याची दृश्यं कितीही झळकोत, तो आपल्याला परकाच.

आणि दगडच हवे असतील तर इंदूरच्या कृष्णपुऱ्यात या. खान नदीकाठी होळकरांच्या छत्र्या आहेत; कृष्णाबाईंची, दुसऱ्या तुकोजीरावांची, शिवाजीरावांची. खांबाखांबांवर नक्षी, भिंतींवर शिपाई आणि वादक. बऱ्या कॅमेऱ्याने चारही बाजूंनी शेकडो फोटो घेतले की फोटोग्रामेट्रीचं मुक्त सॉफ्टवेअर त्यांतून त्रिमितीय प्रतिकृती काढतं. मध्य प्रदेशाने २०२५ मध्ये ॲनिमेशन-गेमिंगचं धोरण आणलं. त्यातून आणखी एक चकचकीत इमारत उभी राहील, अशी मला भीती वाटते. त्यापेक्षा या छत्र्या, राजवाड्याचे खालचे तीन दगडी आणि वरचे चार लाकडी मजले, महेश्वरचा घाट हे सगळं सरकारी खर्चाने स्कॅन करा आणि कुणालाही वापरू द्या, विनापरवाना, विनाशुल्क. वारसा स्वस्त होईल म्हणून कुरकुरणाऱ्यांनी सांगावं, आज छत्रीच्या ओट्यावर बसून मोबाइलवर गेम खेळणाऱ्या पोराला मागची भिंत कुणी दाखवली आहे?