मोड आपली, घडणावळ सासऱ्याची

लहानपणी खंडेनवमीला समोरच्या वाड्यात खरीखुरी तलवार पुजली जायची. आमच्याकडे विळी, कात्री, हातोडी आणि वडिलांचा आडकित्ता. हा आडकित्ता आजोबांचा, आणि त्याचं वरचं पातं अर्ध्यातून मोडलेलं. सुपारी कातरायला दुसरा धडका आडकित्ता होता; पण चंचीत असायचा तो मोडकाच, आणि पूजेत मानाची जागाही त्यालाच. मी हसायचो. वडील नुसतं 'हं' करायचे.

त्या 'हं'चा अर्थ कळायला मला एका इंग्रज प्राध्यापकाची हजारेक पानांची कादंबरी वाचावी लागली. माझ्या मुलीनं 'बाबा, हे वाचल्याशिवाय माझ्याशी वाद घालू नका' असं म्हणत 'द लॉर्ड ऑफ द रिंग्ज'चे तीनही खंड माझ्यापुढे ठेवले. लेखक जे. आर. आर. टोल्किन. ऑक्सफर्डला शिकवायचे. १९५४-५५ साली हे खंड निघाले. गृहस्थानं अख्खं जग आपल्या डोक्यातून काढलंय : भाषा, लिप्या, नकाशे, पंचांग, शिवाय वंशावळी. आमच्या कुळवृत्तान्तवाल्यांनी हात टेकावेत अशा वंशावळी!

या जगात नार्सिल नावाची तलवार आहे. राजा एलेन्डिल शत्रूशी लढताना पडला आणि ती त्याच्या अंगाखाली मोडली. त्याच्या मुलानं मुठीकडच्या उरल्या तुकड्यानं शत्रूचं बोट अंगठीसकट छाटलं. म्हणजे या तलवारीचा सगळ्यांत गाजलेला पराक्रम मोडल्यानंतरचा! पुढे तीन हजार वर्षं वारसांनी ते तुकडे सांभाळले. राज्य गेलं, प्रजा गेली, तुकडे राहिले. आपल्याकडे वाडा पडतो आणि तंट्याची कागदपत्रं तेवढी ट्रंकेत राहतात, तसंच.

आता कथेचा नायक ॲरागॉर्न. हा त्या घराण्याचा शेवटचा वारस. पण रानावनात भटकणारा, चिखलानं भरलेल्या बुटांचा इसम. ब्री गावच्या खाणावळीत तो पहिल्यांदा भेटतो. त्याच्यावर विश्वास ठेवावा की नाही, अशी पोरांची कुजबुज चाललेली. तेव्हा हा म्यानातून तलवार काढतो. निघतं काय? मुठीखाली हातभरसुद्धा पातं नाही! आणि वर स्वतःच विनोद करतो, की हिचा फारसा उपयोग नाही, नाही का?

इथे मी पुस्तक मिटून थोडा वेळ बसलो. लांडगे आणि भुतं असलेल्या रानात मोडकी तलवार कमरेला लावून हिंडणारा माणूस एक तर वेडा असतो, नाही तर आमच्या वडिलांसारखा. पुढे टेकडीवर काळे स्वार चालून येतात तेव्हा हा दोन हातांत दोन जळती लाकडं घेऊन धावतो. शस्त्र म्हणून लाकूड, आणि कमरेला राज्य!

पीटर जॅक्सन यांच्या सिनेमावर माझा राग आहे तो इथे. २००१ ते २००३ मध्ये आलेल्या त्या तीन चित्रपटांत ॲरागॉर्न धडकी तलवार घेऊन फिरतो, आणि मोडके तुकडे एल्रॉन्डच्या घरी, वस्तुसंग्रहालयात ठेवावेत तसे मांडलेले. तिसऱ्या भागात ती जोडली जाते आणि एल्रॉन्डसाहेब स्वतः छावणीवर येऊन ती घरपोच देतात. हे एल्रॉन्ड त्याचे भावी सासरे, हे ध्यानात घ्या. पुस्तकातही जोडून देणारे कारागीर सासऱ्याकडचेच आहेत. पण तिथे मोड नायकाची स्वतःची, वर्षानुवर्षं अंगावर वागवलेली. घडणावळ तेवढी सासऱ्याची. सिनेमात मोडही सासऱ्याच्या घरची आणि घडणावळही. याला वारसा म्हणत नाहीत, आहेर म्हणतात. मुलीचं म्हणणं, सिनेमातल्या ॲरागॉर्नला राजाच व्हायचं नसतं, म्हणून तलवार थांबते. असेल. पण नको असलेलं ओझं घरी ठेवून फिरायला निघणं आणि ते वागवणं यांत फरक आहे.

टोल्किनसाहेबांचंही सगळं गोड मानून घ्यायला मी तयार नाही. तलवार जोडून तिचं नाव अँडुरिल झाल्यावर आमचा नायक जरा चढतो. दाखल्यावर सहीशिक्का मिळाला की माणूस तो जिथे तिथे दाखवत सुटतो, तसं. थेओडेन राजाच्या दारात पहारेकरी नम्रपणे सांगतो, शस्त्रं बाहेर ठेवा. हा अडून बसतो! लाकूडतोड्याच्या झोपडीतही मी यजमानाचं ऐकलं असतं, पण ही तलवार पडली अँडुरिल. अखेर ती भिंतीला टेकवून ठेवतो आणि बजावतो, हात लावाल तर मराल. देवळाबाहेर नवी चप्पल काढतानाचा आपला चेहरा आठवावा. त्याच दारातून गॅन्डाल्फ मात्र, म्हाताऱ्याच्या आधाराला हवी म्हणून, काठी आत नेतो, आणि खरी करामत त्या काठीवाल्याचीच!

तलवारीच्या हातून मोठं काम लेखक फारसं करवून घेत नाही. गनीम जवळ आला की निळी चमकणारी, रोजच्या उपयोगाची सुरी फ्रोडोची. काळ्या स्वारांच्या सरदाराला गुडघ्यामागे बसणारा घाव एका बुटक्याच्या खंजिराचा, आणि तो घडवणाऱ्या लोहाराचं नावही कुणाला ठाऊक नाही. शेवटी अंगठी आगीत पडते तेव्हा अँडुरिल दूरवर, हरत आलेल्या लढाईत. १९१६ साली सॉमच्या खंदकांत राहून आलेल्या लेखकाकडून तलवारीचा याहून मोठा पोवाडा मी अपेक्षिलाही नसता. त्यानं तिला काम दिलं ते ओळखपत्राचं, आणि मला ती सर्वांत खरी वाटली तीही मोडकी असताना, खाणावळीतल्या त्या मेणबत्तीच्या उजेडात.

गेल्या खंडेनवमीला आडकित्ता काढला. मुलगी म्हणाली, "बाबा, याला नवं पातं बसवून मिळेल की."

"मिळेल," मी म्हटलं, "घडणावळ कोण देणार ते आधी ठरव."