झाना गेंदोवा कुणाची बायको नव्हे, नटी

मूकपटांवर सध्या भरपूर लिहिलं जातं आणि त्यातलं बरंचसं वाचून संताप येतो. छोट्या देशांची पाळी आली की प्रत्येकाच्या वाट्याला एक चित्रपट, एक दिग्दर्शक, एक साल. बल्गेरियाच्या वाट्याला वासिल गेंदोव आणि १९१५चा ‘बल्गरान ए गालांत’. झालं, प्रश्न मिटला!

हा चित्रपट आज कुणी पाहू शकत नाही, तो हरवला. रस्त्यात भेटलेल्या बाईवर छाप पाडायला निघालेला छैलछबिला तिच्या खरेदीचं ओझं वाहतो आणि तिच्या नवऱ्यासमोर हमाल ठरतो, एवढं कथानक हाती उरतं. गेंदोव आणि मारा लिपिना यांनी ते कसं वठवलं, ते नाही. तरीही त्यावर पानंच्या पानं.

उलट १९१७चा ‘ल्युबोवता ए लुदोस्त’ उरला आहे. बल्गेरियन कथापटांत आज डोळ्यांनी पाहता येतं असं सर्वांत जुनं काम ते हेच, आणि त्यात गेंदोवच्या जोडीला आहे झाना गेंदोवा. म्हणजे बल्गेरियन पडद्यावरच्या अभिनयाबद्दल बोलायचं तर तिच्यापासूनच सुरुवात करायला हवी. तशी सुरुवात होते का? झानाची ओळख दिग्दर्शकाची पत्नी म्हणून अर्ध्या ओळीत उरकली जाते.

त्याच काळातल्या दिग्दर्शक बोरिस ग्रेझोव्हचा १९२३चा ‘मोमिना स्काला’ मला निसर्गदृश्यांपलीकडे फारसं काही देत नाही. गेंदोवच्याच १९२२च्या ‘बाय गान्यो’चं निम्मं यश मूळ कथा पुरवणाऱ्या अलेको कोन्स्तान्तिनोव्हच्या पुस्तकाचं. झानाचं काम वेगळ्या मोजपट्टीनं पाहावं लागतं. ज्या चित्रपटांत दिग्दर्शकच नायक असतो, तिथं तो स्वतः चौकटीत उभा असताना समोरचा माणूसच प्रसंगाचा तोल सांभाळतो. ती कामगिरी वर्षानुवर्षं तिची होती. ‘पहिला बल्गेरियन बोलपट’ म्हणून मिरवणारा १९३३चा ‘बुन्तत ना रोबिते’ घ्या. गेंदोवनं त्यात क्रांतिकारक लेव्स्की साकारला, म्हणून सगळी चर्चा लेव्स्कीभोवती फिरते. त्या घरातली कलावंत स्त्री पुन्हा बाजूला.

आणि ती मुकी नव्हती. त्या काळाच्या आठवणी तिनं स्वतः लिहून ठेवल्या आहेत. गेंदोवच्या आठवणी इतिहासाचा पाया मानल्या जातात, तर तिच्या आठवणी तळटीप का? दोघांनाही आपली बाजू मांडायची होती, दोघांनीही ती मांडली. एकाचा शब्द पुरावा आणि दुसरीचा रुसवा, असा निवाडा करणाऱ्यांनी आपला निकष उघडपणे सांगावा.

“पुरावा अपुरा आहे,” असं म्हणून तिला टाळणारे लेखक हरवलेल्या चित्रपटातल्या अभिनयाचं कौतुक करताना मात्र जराही अडखळत नाहीत. तिथं त्यांना पुरावा कसा सापडतो?