नियुक्ती आणि मान्यता : परभणी जिल्ह्यातील अनुदानित शाळांच्या संदर्भात शिक्षक-नियुक्ती विवादांची चिकित्सा

प्रस्तावना :
अनुदानित खासगी शाळेत शिक्षकाची नियुक्ती संस्था करते आणि वेतन शासन देते. या दोहोंमध्ये शिक्षणाधिकाऱ्यांची ‘वैयक्तिक मान्यता’ उभी असते. परभणी जिल्ह्याच्या नऊ तालुक्यांत, जिंतूर-सेलूपासून सोनपेठ-पालमपर्यंत, माध्यमिक शिक्षणाचा बराचसा भार अशा शाळांवर आहे. नियुक्तीच्या वादात न्याय मिळूनही शिक्षक वेतनाला का मुकतो, या प्रश्नाची चिकित्सा प्रस्तुत लेखात केली आहे.

कायद्याची चौकट :
महाराष्ट्र खासगी शाळांतील कर्मचारी (सेवेच्या शर्ती) विनियमन अधिनियम, 1977 च्या कलम 5 नुसार कायम रिक्त पद अर्हताप्राप्त व्यक्तीकडून शक्य तितक्या लवकर भरणे व्यवस्थापनावर बंधनकारक आहे. तत्पूर्वी योग्य अतिरिक्त शिक्षक उपलब्ध आहे काय, याची शिक्षणाधिकाऱ्यांकडून खात्री करून घ्यावी लागते. सेवेतून काढल्यास कलम 9 नुसार तीस दिवसांत शाळा न्यायाधिकरणाकडे अपील करता येते. मान्यता नाकारली गेल्यास मात्र हे अपील उपयोगी पडत नाही; त्यासाठी उच्च न्यायालयाच्या औरंगाबाद खंडपीठात रिट याचिका दाखल करावी लागते. एकाच नियुक्तीचा वाद असा दोन दारांत विभागला जातो.

न्यायनिर्णय व त्याची मर्यादा :
सेंट उलाई हायस्कूल प्रकरणात (2007) मुंबई उच्च न्यायालयाच्या पूर्णपीठाने मान्यतेचा संबंध अनुदानाशी जोडला. केवळ मान्यता नाही म्हणून नियुक्ती अवैध ठरत नाही, ही भूमिका स्वीकारली. तत्त्व म्हणून ही भूमिका योग्यच आहे, कारण कार्यालयाच्या दिरंगाईचा दोष शिक्षकाच्या माथी मारता येत नाही. परंतु तिचे फलित अपुरे राहते. कलम 11 अन्वये शिक्षकाची देय रक्कम संस्थेच्या अनुदानातून कापून त्यास थेट देण्याची शिफारस न्यायाधिकरण शासनास करू शकते. ज्या पदास मान्यताच नाही त्या पदासाठी अनुदान येत नाही. पुढील वेतनाचा भार मग संस्थेवर पडतो आणि शिक्षक नियुक्त असूनही विनावेतन राहतो.

धोरणाचा परिणाम :
शेजारच्या नांदेड जिल्ह्यातील तपासणीत बोगस पटसंख्या उघड झाल्यानंतर 3 ते 5 ऑक्टोबर 2011 या काळात राज्यभर पटपडताळणी झाली. अतिरिक्त शिक्षकांचे समायोजन होईपर्यंत खासगी शाळांतील भरतीवर 2 मे 2012 च्या शासन निर्णयाने बंधन आणले. त्यानंतरच्या अनेक नियुक्त्यांची मान्यता याच निर्णयाच्या आधारे नाकारली गेली. रिक्त पद भरा, असे अधिनियम सांगतो. थांबा, असे शासन निर्णय सांगतो. या विसंगतीची किंमत मात्र दोहोंपैकी एकाचाही कर्ता नसलेल्या शिक्षकाने मोजली. 2017 मध्ये ‘पवित्र’ प्रणाली आली. तिने निवडीच्या पद्धतीत बदल केला, जुन्या वादांचे उत्तर तिच्यात नाही.

प्रतिपक्ष :
मान्यता ही निरर्थक औपचारिकता आहे, असे मात्र म्हणता येणार नाही. 2025 मध्ये नागपूर विभागात उघडकीस आलेल्या शालार्थ ओळखक्रमांक प्रकरणाने सार्वजनिक निधीवर देखरेख का हवी, हे दाखवून दिले. मागील तारखेच्या नियुक्त्या आणि बिंदुनामावलीचे उल्लंघन यांना आळा घालण्याचे दुसरे साधन आज शासनाकडे नाही. म्हणून मान्यता रद्द करणे हा उपाय नव्हे. तिला कालमर्यादा व उत्तरदायित्व यांची जोड देणे आवश्यक आहे.

निष्कर्ष :
मान्यतेचा प्रस्ताव ठरावीक मुदतीत कारणांसह निकाली काढण्याचे बंधन अधिनियमातच असावे. मान्यता नाकारणाऱ्या आदेशाविरुद्धचे अपीलही शाळा न्यायाधिकरणाकडेच सोपवावे, म्हणजे संस्था, शिक्षक व शिक्षणाधिकारी यांच्यातील वादाचा एकाच ठिकाणी निर्णय होईल. पालम वा सोनपेठच्या शिक्षकास सुमारे दोनशे किलोमीटरवरील खंडपीठाकडे धाव घेण्याची गरज त्यामुळे कमी होईल. नियुक्ती वैध ठरवूनही वेतनाची वाट मोकळी न करणारा न्याय हा अर्धाच न्याय होय.