चौक आणि चौकट

मुंबईंतील सुशिक्षित गृहस्थाच्या दिवाणखान्यांत वारली चित्र आढळणें हें आतां नवलाचें राहिलेलें नाहीं. पाहुण्यास तें अभिमानानें दाखविण्यांत येतें. रेषांच्या साधेपणाची स्तुति होते. आणि मग चहा येतो. या स्तुतींत जें राहून जातें, त्याचा विचार येथें करावयाचा आहे.

वारल्यांचा लग्नचौक ही मूळची भिंतीची शोभा नव्हे. तांदळाच्या पिठानें तो काढतात सवासिणी. मध्यभागीं येते पालघट देवी. आणि धवलेरी गाणीं म्हणून देवतांना बोलाविते, तेव्हां लग्न लागतें. स्त्रीनें पौरोहित्य करावें कीं नाहीं, हा वाद आमच्या घरांत अद्याप मिटला नसतां, वारल्यांच्या मंडपांत तो मान धवलेरीचाच आहे.

१९७० नंतरच्या दशकांत भास्कर कुलकर्णी यांच्या खटपटीनें हें चित्र भिंतीवरून कागदावर आलें. जिव्या सोमा म्हसे यांनीं त्यास कीर्ति मिळवून दिली. २०११ सालीं त्यांस पद्मश्री लाभली. त्यांची योग्यता निर्विवाद आहे. परंतु सवासिणींच्या हातची कला जगांत गाजली ती बहुतांशीं पुरुषांच्या नांवानें, आणि धवलेरीचें गाणें मागें राहिलें, हेंही खरें. विक्रीनें कला बाटली, ही तक्रार मात्र आम्हांस मान्य नाहीं. उपाशी पोटीं पावित्र्य राखा, असें सांगण्याचा अधिकार विकत घेणारांस कसा पोहोंचतो?

शहरांत असले विधि टिकावयाचे नाहींत, असेंही म्हटलें जातें. पण मुंबईच्या हद्दींतच, आरे येथें, वारल्यांचे पाडे आहेत. वाघोबाची पूजा तेथें लुप्त झालेली नाहीं. हे लोक शहराकडे गेले नाहींत, शहरच त्यांच्या दारीं आलें. २०१९ सालीं मेट्रोच्या कारशेडसाठीं तेथील झाडें तोडलीं गेलीं, तेव्हां विरोध करणारांत पाड्यांतील स्त्रियाही होत्या. त्यांस तो केवळ झाडांचा प्रश्न नव्हता. देव जेथें राहतो, त्या जागेचा होता. विधीस जें मारक ठरतें तें शहर नव्हे, तर जागा हिरावून घेणारी शहराची भूक होय.

तीं झाडें पडत असतां, चित्रांतील झाडें आमच्या भिंतींवर सुरक्षित होतीं. ही विसंगति आम्हांस बोंचली पाहिजे. चौक चौकटींत बसवितां येतो, गाणें बसवितां येत नाहीं. म्हणून आमचें म्हणणें इतकेंच कीं, या चित्रांवर अभिप्राय देणारानें प्रथम धवलेरीपुढें श्रोता म्हणून बसावें.